पावन्याची आंघोळ

“वरून नका सांगू, मास्तर! वरून सगलेच सुकलेले दिसतात! आत हात घाला! आजून आत! अवो, चावत नाय तो, घाला!”

हसूकाका गच्चीवर असे ओरडत होते की खालून जाणारा एक रिक्षावाला आपल्यालाच कुणीतरी हाक मारतंय समजून थांबला. माझा उजवा हात त्या वेळी एका कुत्र्यात होता. कुत्र्यावर नव्हे, कुत्र्यात. मनगट केव्हाच दिसेनासं झालं होतं, घड्याळ बुडालं होतं, आणि बोटं अजून कुत्र्याचं अंग शोधत चालली होती. ज्यांनी हस्की जातीचा कुत्रा पाहिलेला नाही त्यांना सांगतो, हा बर्फातला प्राणी. त्याला केसांचे दोन थर असतात. वरचा थर लांब आणि राठ, तो जगाला दाखवायला. खालचा लोकरीसारखा, मऊ आणि इतका दाट की त्यात एखादी कंगवा धरलेली काकू हरवावी.

“लागलं काय आंग हाताला?”

“लागलं.”

“ओलं का सुकं?”

“सुकं.”

“परत बघा.”

परत बघितलं. मे महिन्यातली पनवेलची दुपार. गच्चीच्या लाद्यांवर पापड टाकले असते तर तळून निघाले असते. मी म्हणालो, “काका, इथे काही ओलं असेलच तर तो माझा घाम.”

“मंग मी काय येगलं सांगतोय?” काका विजयी आवाजात म्हणाले. “आतून ओला हाय!”

त्याच संध्याकाळी काकांची मुलगी दर्शना पुण्याहून या कुत्र्याला कायमचं घेऊन जायला येणार होती. आणि अंग ओलं असलेला कुत्रा गाडीच्या एसीत बसवायचा नाही, हा काकांचा जुना कायदा होता. या दोन गोष्टींचा एकमेकींशी काही संबंध असेल हे तेव्हा माझ्या डोक्यात आलं नाही. मी कामोठ्यात गणिताचे क्लास घेतो. दोन आणि दोन एकत्र करायला मला इतरांपेक्षा जरा जास्तच वेळ लागतो.

काकांचं पूर्ण नाव हसुराम. हे नाव ज्यानं ठेवलं त्यानं बाळाकडे नीट बघितलं नसणार. काका आयुष्यात एकदाच हसलेले आहेत, स्वतःच्या लग्नाच्या फोटोत, आणि काकी म्हणतात तेही हसणं नव्हे, डोळ्यांत फ्लॅश गेला होता. मिशी मात्र अशी की सोसायटीच्या गेटला आडवी लावली तर वॉचमन सुट्टीवर जाऊ शकेल.

सरकारनं इथली शेतं घेतली तेव्हा बदल्यात गाववाल्यांना प्लॉट मिळाले. काकांच्या तसल्याच प्लॉटवर आमची बिल्डिंग उभी आहे. काका सगळ्यात वरच्या मजल्यावर राहतात आणि त्याच्या वरची गच्ची ते आपलीच समजतात. एकदा सेक्रेटरी मीटिंगमध्ये उठून म्हणाले, “गच्ची ही सोसायटीच्या मालकीची आहे.” काका बसल्या जागेवरून म्हणाले, “आनि जमीन?” मीटिंग तिथेच संपली. चहासुद्धा कुणी प्यायला नाही.

त्यांचे वडील मिठागरावर राबले, त्यांचे आजोबाही. लहानपणी काकांनी तिथे एकच विद्या घेतली. मिठाचा ढीग वरून पांढराशुभ्र, खडखडीत दिसतो, पण त्यावर विश्वास ठेवायचा नाही. कोपरापर्यंत हात आत घालायचा, बाहेर काढायचा आणि तळवा गालाला लावायचा. गालाला गार लागलं की माल आतून ओला. आता ते मिठागर नाही. तिथे टोलेजंग इमारती आल्यात आणि त्यांत मीठ पिशवीतून येतं. ढीग गेले, हात तेवढा राहिला. त्या हाताला काहीतरी काम हवंच होतं.

सुरुवातीला काकांनी त्या हातानं सगळ्या सोसायटीची तपासणी केली. कुणी गादी उन्हात टाकली की काका हात घालायचे. कुणाच्या पापडांचा डबा उघडा दिसला की काका हात घालायचे. आमच्या घराला नवा रंग दिला तेव्हा आले, भिंतीला तळवा टेकवला, मग गालाला, आणि म्हणाले, “आतून ओली हाय.” मग गालावर पिस्त्याच्या रंगाचा पंजा घेऊन दिवसभर बाजारातून फिरले. कुणी विचारलंच तर सांगत, “मास्तरांची भिंत हाय.” पावसाळ्यात त्या भिंतीला बुरशी धरली ही गोष्ट मी काकांना अजून सांगितलेली नाही, आणि हा लेख त्यांना वाचायला देणारही नाही.

मग कुत्रा आला.

दर्शनाचं लग्न व्हायच्या आधीची गोष्ट. नेऱ्याकडे तिच्या मैत्रिणीच्या शेजारी कुणाचं तरी फार्महाऊस होतं. मालकानं हौसेनं हस्की आणला, चार शनिवार-रविवार फोटो काढले आणि हौस फिटल्यावर त्याला झाडाला बांधून ठेवला. वर उन्हाळ्यात कुणीतरी शहाणपणा करून त्याचे सगळे केस मशीननं उडवले. बिचाऱ्याला गार वाटावं म्हणून! उघड्या अंगाला ऊन लागून त्याची कातडी भाजली. दर्शनानं त्याला बघितला आणि स्कूटरवर पायांशी बसवून थेट घरी आणला.

काका दारात उभे राहिले. “कुत्रं घरात येनार नाय. एक तर तो राहील, नायतर मी.”

काकी आतून म्हणाल्या, “मंग तुमची बॅग भरू?”

काकांनी त्याच्याकडे पाहिलं. गुलाबी, खरबरीत, मधेमधे केसांचे झुपके, गादी उसवावी तसा दिसत होता. काकांचा हात आपोआप पुढे गेला आणि अर्ध्यात थांबला. “याच्यात तर आतच नाय,” ते म्हणाले. एवढंच म्हणाले आणि आत गेले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी गच्चीवर गेलो तर काका उन्हात उभे, हातात त्यांची पावसाळ्यातली मोठी काळी छत्री उघडलेली, आणि खाली कुत्रा झोपलेला.

“काका, हे काय?”

“छत्रीला हवा देतोय. तो आपला खाली येऊन झोपला, मी काय करू?”

छत्रीला अशी हवा देणं पावसाळा सुरू होईपर्यंत रोज चाललं.

दर्शनानं कुत्र्याचं नाव ब्रूनो ठेवलं होतं. काकांना ते पटलं नाही. बर्फातून आलाय, आपल्याकडे चार दिवस राहणार, म्हणजे पाहुणा. काकांच्या तोंडी पावना. सगळी बिल्डिंग त्याला पावना म्हणू लागली. ब्रूनो म्हटल्यावर तो दर्शनाकडे बघायचा. पावना म्हटल्यावर उठून उभा राहायचा.

केस परत यायला फार दिवस लागले, आणि आले तेही आधी ठिगळाठिगळांनी. त्या काळात काकांनी मोबाईलवर कुत्र्यांच्या केसांचे व्हिडिओ बघायला सुरुवात केली. भाषेची त्यांना अडचण नव्हती, कारण कुठलीच भाषा त्यांना कळत नव्हती. त्यातली एक रशियन बाई त्यांना फार पटली. काकांचं बोलणं तेव्हापासून तिच्याच दाखल्यानं सुरू होतं. “रशियातली बाई काय बोलते, आदी सुकं इंचरायचं, मंग पानी. उलटं केलं तर गाठी आवलतात.” “रशियातली बाई कदी पन कातर हातात घेत नाय.” एकदा काकी मला म्हणाल्या, “मास्तर, आमच्या लग्नाला इतकी वरसं झाली, मी बोललेलं एक पन यांच्या ध्यानात नाय. आनि ती बाई काय बोलते ते त्यांना समजत पन नाय, तरी सगलं पाठ हाय!”

पुढच्या वर्षीच्या उन्हाळ्यात मीच एकदा बोलून गेलो, “काका, एवढ्या उकाड्यात केस थोडे कमी केले तर...”

काकांनी माझ्याकडे असं बघितलं, जणू मी पावन्याला मटणाच्या दुकानात न्यायला सांगितलंय. “मास्तर, तुमच्या घरात उकडतं काय?”

“उकडतं.”

“मंग छप्पर काडून टाकू? गार वाटंल!”

त्यानंतर महिनाभर मी जिन्यात दिसलो की काका वर बघून म्हणत, “छप्पर हाय ना जाग्यावर?”

पावन्याची आंघोळ रोजची नसते. काका म्हणतात, रोज धुतलं तर अंगावरचं तेल जातं. आंघोळ महिन्या-दीड महिन्यातून एकदाच, पण विंचरणं मात्र दर रविवारी. आणि वर्षातून दोनदा पावना खालची सगळी लोकर टाकून देतो, तेव्हा आमच्या बिल्डिंगवर जे येतं त्याला हवामान खात्यानं अजून नाव दिलेलं नाही. काका लांब दातांचा कंगवा चालवतात आणि गच्चीवर दुसरा कुत्रा तयार होतो. मग तिसरा. वारा सुटला की हे सगळे कुत्रे हवेत. आमच्या घरी त्या दिवसांत चहा गाळणीनं दोनदा गाळतात आणि वरण कंगव्यानं. कर्नाळ्याचे पक्षी अभयारण्य सोडून आमच्या टाकीवर येऊन बसतात आणि चोचीत लोकर भरून परत जातात. तिकडची पिल्लं म्हणे मे महिन्यात घामाघूम होऊन घरट्याबाहेर झोपतात. मी स्वतः पाहिलेलं नाही, पण पक्ष्यांचे चेहरे बघितलेत.

खरी आंघोळ ज्या दिवशी असते त्या दिवशी पहाटेपासून पाणी तापतं. फार गरम नाही, फार गार नाही. काका आधी स्वतःचं कोपर बुडवतात, मग काकींना बोलावून त्यांचं बुडवतात. काकी दर वेळी तेच म्हणतात, “माज्या बालंतपनात पन कोनी इतकं बघितलं नाय पान्याचं!” मग पाणी ओतायचं. पहिल्या दोन बादल्या अळूच्या पानावरून जाव्यात तशा वरून घरंगळून जातात. कुत्रा कोरडा, काका चिंब. बोटांनी केस फाकवत फाकवत पाणी आत मुरवावं लागतं. शांपू मगातल्या पाण्यात पातळ करून चोळायचा आणि मग तो निघेपर्यंत धुवायचं. काकांच्या मते पायाखालचं पाणी पिण्यासारखं दिसेपर्यंत.

या सगळ्या वेळात पावना बोलत असतो. हस्की भुंकत नाही, गाऱ्हाणं मांडतो. “वू-वू-वूऊऊऊ!” काका खालच्या पट्टीत, “गप रं! तुजं तोंड धुवायचं ऱ्हायलंय आजून!” पावना वरच्या पट्टीत, “वाऊऊऊ!” मधेच काकी, “सोडा त्याला!” बिल्डिंगमध्ये नवीन भाडेकरू आला की पहिल्या आंघोळीला तो चप्पल घालून पोलीस चौकीकडे निघतो. आम्ही त्याला जिन्यात अडवून घरी नेतो, पाणी देतो आणि समजावतो.

सगळ्यात मोठं काम सुकवण्याचं. वरचे केस तासाभरात वाळतात, पण खालच्या लोकरीत ओल राहिली की कातडी कुजते, खाज सुटते. म्हणून काकांकडे मांडववाल्याचा मोठा पंखा आहे. हा पंखा दर्शनाच्या हळदीला आला होता. आमच्याकडच्या हळदीत अख्खं गाव नाचतं, त्यामुळे पंखाही तसाच, पुढून गेलं तर मुंडावळ्या उडून जातील असा. हळद झाली, लग्न झालं, दर्शना पुण्याला गेली. पंखा मात्र परत गेला नाही. मांडववाला दोनदा न्यायला आला आणि दोन्ही वेळा काकांनी त्याला सांगितलं, “आजून काम हाय त्याचं.” शेवटी तो काकांच्या जमिनीवर उभा राहून काकांशी भांडायला कंटाळला.

कुत्राही मागेच राहिला होता. सासरी तेव्हा लहान फ्लॅट होता, कुत्र्याला परवानगी नव्हती. “जागा मोठी झाली की नेते, बाबा,” असं ती निघताना म्हणाली होती.

तेव्हापासून दर रविवारी संध्याकाळी दर्शनाचा व्हिडिओ कॉल येतो. काका फोन असा धरतात की तिकडे त्यांच्या कपाळाचा वरचा भाग आणि पावन्याचा एक कान दिसावा. दर्शनाचा पहिला प्रश्न ठरलेला, “ब्रूनो कसा आहे?” मग तपासणी. “बाबा, कानामागे गाठ दिसतेय.” “गाठ नाय, सावली हाय.” “गाठ आहे.” काका कंगवा घेऊन सोडवतात. “आता शेपटी दाखवा.” दाखवतात. मग हळूहळू बोलणं कुत्र्यावरून घसरतं. जेवलात का, गुडघा कसा आहे, तिचं ऑफिस, तिची सासू. जरा गप्प व्हायची वेळ आली की काका घाईघाईनं पावन्याला फिरवतात. “आता ही बाजू बघ.” ती बाजू आधी बघून झालेली असते. तरी ती परत बघते.

तर या एप्रिलमध्ये पुण्याला तिची जागा झाली. तळमजला, पुढे थोडी बाग. तिनं फोनवर सांगितलं, “बाबा, आता ब्रूनोला मी नेते. तुमची कंबर दुखते, बादल्या उचलता.”

“ने की!” काका एवढ्या मोठ्यानं म्हणाले की फोनची गरज नव्हती. “सुटलो मी!”

मग ते पंधरवडाभर सगळ्यांना सांगत फिरले. वॉचमनला, “सुटलो!” भाजीवालीला, “सुटलो!” मला जिन्यात, “मास्तर, सुटलो बगा!” सुटलेला माणूस इतका कसनुसा दिसतो हे मी प्रथमच बघत होतो.

दर्शनानं एकच चूक केली. फोन ठेवता ठेवता म्हणाली, “फक्त आंघोळ घालून ठेवा हं त्याला.” काकी शेजारी उभ्या होत्या. स्पीकरवर ते ऐकलं आणि त्यांनी कपाळाला हात लावला. त्यांना त्याच क्षणी सगळं समजलं होतं. मला समजायला ती यायचा रविवार उजाडून मावळावा लागला.

त्या रविवारी पहाटेच पावन्याची आंघोळ झाली. उन्हं वर आली तोवर तो पिंजलेल्या कापसाच्या ढिगासारखा दिसत होता. दुपारी मला वर बोलावणं आलं आणि सुरुवातीला सांगितलेला प्रकार झाला. पण तो तिथे संपला नाही. माझ्या घामाचा शोध लागल्यावर काका क्षणभर विचारात पडले आणि म्हणाले, “मास्तर, तुमच्या हाताचा घाम लागला त्याला. परत धुवायला लागंल.”

“अवो, कुत्रा हाय तो! चादर नाय!” काकी ओरडल्या.

पावनाही ओरडला. पण बादली भरली होती.

मी खाली येऊन अंघोळ केली, कारण कुत्र्याची परत होत असताना आपली एकदाही नीट झालेली नाही याची मला लाज वाटली. जेवून जरा पडलो तर दारावर थाप.

“लाईट गेली,” दारात उभे राहून काका म्हणाले. “पंखा बंद पडला. आता कसा सुकनार तो?”

माझ्या डोक्यावर पंखा गरगरत होता. त्याच्या वाऱ्यानं काकांची मिशी हलत होती.

“काका, लाईट आहे.”

“वरची गेली.”

“वरची आणि खालची वेगळी असते?”

“मास्तर, जमीन कोनाची हाय?”

या मुद्द्यापुढे आमच्या सोसायटीत कुणाचंच काही चालत नाही. काका वर गेले. मी जरा वेळानं त्यांच्या मागोमाग गेलो.

गच्चीवर मांडवाचा पंखा उभा होता आणि त्याचा प्लग काढून लादीवर ठेवलेला होता. पावना काळ्या छत्रीच्या सावलीत पसरला होता. त्याच्या शेजारी एक मोठी पिशवी होती. तिच्यात त्याचं ताट, त्याची चादर, लांब दातांचा कंगवा, बारीक दातांचा कंगवा, कानामागचा कंगवा, सगळं घडी घालून, नीट लावून ठेवलं होतं. काका पावन्याच्या मागे उभे होते. हातात तांब्या, तांब्यात पाणी, आणि तांब्या जरासा कललेला.

मला बघून त्यांनी तो सरळ केला.

“झाडांना घालत होतो,” ते म्हणाले.

आमच्या गच्चीवर झाड नाही. साधी कुंडीसुद्धा नाही. काकांनी तांब्या कठड्यावर ठेवला आणि माझ्याकडे पाठ करून, टाकीकडे बघत म्हणाले, “मना फोनवर बोलायला येत नाय, मास्तर. हा हाय म्हनून बोलनं होतं.”

पावन्यानं डोकं उचललं. आपल्याबद्दल चाललंय हे त्याला कळतं. तेवढ्यात खाली गाडीचा हॉर्न वाजला.

दर्शना वर आली आणि गच्चीवर भूकंप झाला. पावना उठला, धावला, घसरला, तिच्या खांद्यांवर पुढचे पाय ठेवून त्यानं अख्ख्या पनवेलची तक्रार सांगितली. तिचा काळा कुर्ता बघता बघता पांढरा झाला. काका मात्र कठड्याला टेकून ताठ उभे, शाळेत शिक्षा झालेल्या मुलासारखे.

“आंगोल घातली,” ते म्हणाले. “पन आतून ओला हाय.”

दर्शनानं पावन्याला खाली बसवलं. स्वतः लादीवर बसली आणि बाही वर सरकवली. मग तिनं हात आत घातला. मनगट गेलं, बांगडी गेली, कोपर टेकलं. डोळे मिटून ती थोडा वेळ तशीच बसली. हात बाहेर काढला आणि तळवा गालाला लावला. थेट तिच्या बापासारखा, म्हणजेच त्याच्या बापासारखाही.

काकी चहाचा ट्रे घेऊन जिन्याच्या दारात थबकल्या होत्या. मी छताकडे बघत होतो, गच्चीला छत नसतं तरी. पावनासुद्धा गप्प होता, आणि हे आमच्या बिल्डिंगच्या इतिहासात पहिल्यांदाच घडत होतं.

दर्शनानं डोळे उघडले. कठड्यावरचा तांब्या पाहिला. छत्री पाहिली, भरलेली पिशवी पाहिली. मग तिची नजर लादीवरच्या प्लगवर आली. ती उठली, वायर उचलली आणि नीट वेटोळी करून पंख्याच्या दांड्याला अडकवून ठेवली.

“ओला आहे, बाबा,” ती म्हणाली.

“मी बोल्लो ना!” काका एकदम माझ्यावर गरजले. “आनि हे मास्तर दुपारधरनं सुका-सुका करतायत! कसले मास्तर हो तुमी? पोरांना काय शिकवता?”

मी मान खाली घालून ऐकून घेतलं. काकांच्या मिशीखाली काहीतरी हललं. या वेळी काकींनाही म्हणता आलं नसतं की डोळ्यांत फ्लॅश गेला.

मग चहा झाला. दर्शना लादीवर मांडी घालून पावन्याला विंचरत बसली. काका समोर बसून, “कानामागं बघ, तिथं गाठ हाय,” म्हणत राहिले, आणि ती, “गाठ नाही, सावली आहे,” म्हणत राहिली. ऊन उतरलं. पुण्याला निघायची वेळ झाली तेव्हा काकींनी पावन्याची पिशवी उलटी करून रिकामी केली, झटकली, तीन वेळा झटकली, आणि तिच्यात सुके बोंबील आणि तांदळाचे पापड भरून दर्शनाच्या हातात दिले. वर पापडांवर काकांनी हात फिरवून बघितलाच. “सुके हायत,” ते म्हणाले.

पिशवी गाडीपर्यंत मी पोचवली. वरून कठड्यावरून दोन डोकी खाली बघत होती, एक मिशीचं आणि एक टोकदार कानांचं. माझ्यातला मास्तर काही गप्प बसेना. ही मुलगी माझ्या क्लासची जुनी विद्यार्थिनी, गणितात हुशार.

“दर्शना,” मी खिडकीशी वाकून विचारलं, “मे महिना, भर उन्हाची गच्ची, दुपारपर्यंत मांडवाचा पंखा. खरं सांग. ओला होता?”

तिनं सीटबेल्ट लावला. बाहीवरून एक लांब पांढरा केस काढला आणि डॅशबोर्डवर ठेवला.

“पुढच्या रविवारी येऊन परत बघते, सर.”